नरहर कुरुंदकर : एका अध्यापक-समीक्षकाची वाटचाल

नरहर कुरुंदकर यांचे नाव आज बहुधा विचारवंत या विशेषणासह उच्चारले जाते. धर्म, इतिहास, राजकारण, स्मृतिग्रंथ, शिवकाल, हैदराबादचा मुक्तिलढा या विषयांवरचे त्यांचे लेखन आजही नव्या आवृत्त्यांतून वाचकांपर्यंत जाते, आणि त्या लेखनाच्या झोताखाली त्यांच्यातला साहित्यसमीक्षक झाकोळून जातो. मराठी विभागांच्या अभ्यासक्रमांतही त्यांची उपस्थिती एखाद्या वैचारिक लेखापुरती असते; साहित्यशास्त्राच्या प्रश्नपत्रिकेत मर्ढेकर, रा. भा. पाटणकर येतात, कुरुंदकर क्वचितच. वस्तुतः त्यांच्या उपजीविकेचा विषय मराठी साहित्य हाच होता आणि त्यांच्या ग्रंथलेखनाचा आरंभही कलामीमांसेपासून झाला. समीक्षक आणि विचारवंत अशी जी विभागणी नंतरच्या वाचकांनी केली, ती स्वतः कुरुंदकरांच्या मनात होती असे दिसत नाही. तिचा उगम शोधायचा तर ते ज्या प्रकारे घडले, त्या घडणीकडेच जावे लागते.

त्यांचा जन्म १५ जुलै १९३२ रोजी नांदापूर येथे झाला. कुरुंदा हे घराण्याचे मूळ गाव. ही दोन्ही गावे त्या वेळी निजामाच्या हैदराबाद संस्थानातील परभणी जिल्ह्यात मोडत. १९९९ साली हिंगोली हा स्वतंत्र जिल्हा झाल्यापासून ती त्यात आहेत. संस्थानात सोळा जिल्हे होते : आठ तेलुगू, पाच मराठी आणि तीन कानडी. राज्यकारभाराची आणि वरच्या शिक्षणाची भाषा मात्र उर्दू होती. १९१८ साली स्थापन झालेल्या उस्मानिया विद्यापीठाचे माध्यमही उर्दूच होते. अशा प्रदेशात मराठीचा अभ्यास करणे ही केवळ वाङ्मयीन आवड राहू शकत नव्हती. आपली भाषा शिकणे, तिच्यात लिहिणे, तिचे ग्रंथालय चालवणे या प्रत्येक गोष्टीला राजकीय अर्थ आपोआप चिकटत असे. पुण्यामुंबईच्या समीक्षकाला साहित्य आणि राजकारण ही दोन वेगळी खाती वाटू शकतात. मराठवाड्यातील त्या पिढीला ती चैन उपलब्ध नव्हती. कुरुंदकरांच्या समीक्षेचा विचार करताना हा फरक आरंभीच लक्षात घेतला पाहिजे.

त्यांचे मामा ना. गो. नांदापूरकर हे हैदराबादेत मराठीचे प्राध्यापक होते. प्राचीन मराठी काव्याचे, विशेषतः पंडिती परंपरेचे गाढे अभ्यासक आणि स्वतः कवी म्हणून त्यांची ख्याती होती. शिक्षणासाठी हैदराबादला गेलेल्या भाच्याला मामांच्या सहवासात ग्रंथांची आणि ग्रंथकारांची जी ओळख झाली, ती कोणत्याही वर्गात होण्यासारखी नव्हती. भालचंद्र महाराज कहाळेकर यांच्यासारख्या अध्यापकाचाही त्यांच्यावर खोल परिणाम झाला. एकीकडे संस्कृत साहित्यशास्त्र आणि प्राचीन मराठी, दुसरीकडे समाजवादी विचार आणि स्वामी रामानंद तीर्थांच्या नेतृत्वाखालील संस्थानातील लढा, अशा दोन प्रवाहांत हा विद्यार्थी वाढला. १३ ते १७ सप्टेंबर १९४८ या पाच दिवसांच्या लष्करी कारवाईनंतर संस्थान भारतात विलीन झाले, त्या वेळी कुरुंदकर सोळा वर्षांचे होते. लढ्यात त्यांचा जो काही किशोरवयीन सहभाग होता, त्यापेक्षा त्या लढ्याचा त्यांच्या विचारांवर झालेला संस्कार अधिक टिकाऊ ठरला. आयुष्याच्या अखेरपर्यंत ते स्वामीजींना आपले नेते मानत राहिले.

मात्र परीक्षांच्या बाबतीत हा विद्यार्थी अपयशी ठरला. इंटरच्या परीक्षेत त्यांना वारंवार अपयश आले. पुढच्या काळात हे अपयश कौतुकाने सांगण्याचा विषय झाला आणि त्याभोवती आख्यायिकाही जमल्या. पण विशीतल्या तरुणाला त्या वेळी ते कौतुकाचे वाटले असेल असे मानण्याचे कारण नाही. पदवी नाही म्हणजे महाविद्यालयात प्रवेश नाही, आणि महाविद्यालय नाही म्हणजे विद्याव्यवहारात अधिकृत स्थान नाही, ही व्यवस्था तेव्हाही होती, आजही आहे. ते नांदेडला आले आणि १९५५ च्या सुमारास प्रतिभा निकेतन या शाळेत शिक्षक झाले.

नांदेडचे हे शाळामास्तरपण आठ-एक वर्षे चालले. कुरुंदकरांच्या बौद्धिक आयुष्यातला हा सर्वांत निर्णायक काळ होय. विषयाची सक्ती नव्हती, मार्गदर्शक नव्हता, प्रबंधाची मुदत नव्हती. भरताचे नाट्यशास्त्र, मर्ढेकरांचे सौंदर्यविषयक लेखन, पाश्चात्त्य कलामीमांसा, महाभारत, मार्क्स, गांधी, इस्लामचा इतिहास हे सारे ते एकाच वेळी वाचत होते आणि वाचलेले लगेच बोलून दाखवत होते. श्रोते कोण असत? सहकारी शिक्षक, महाविद्यालयीन तरुण, राष्ट्र सेवा दलाच्या वळणाचे कार्यकर्ते, गावातील वकील आणि लेखक. ज्याच्याजवळ स्वतःची बी.ए.ची पदवी नाही, अशा माणसाकडे एम.ए.चे विद्यार्थी साहित्यशास्त्र समजून घ्यायला येत, ही गोष्ट मराठवाड्यात पुष्कळांनी सांगितली आहे. तिच्यातला अतिशयोक्तीचा अंश वगळला तरी एवढे उरतेच की, कुरुंदकरांची अध्यापक म्हणून ख्याती नेमणुकीच्या आधीची आहे. १९५८ च्या ऑगस्टमध्ये मराठवाडा विद्यापीठ स्थापन झाले. तोवर या भागातील महाविद्यालयांना उस्मानियाकडे पाहावे लागे. नव्या विद्यापीठाच्या आरंभीच्याच काळात कुरुंदकरांनी राहिलेल्या पदव्या पूर्ण केल्या, आणि १९६३ मध्ये एम.ए. झाल्यावर ते नांदेडच्या पीपल्स कॉलेजात मराठीचे अध्यापक झाले. हे महाविद्यालय १९५० साली स्वामी रामानंद तीर्थांच्या प्रेरणेने निघाले होते. तेव्हा कुरुंदकर ज्या संस्थेत आले, ती त्यांच्या दृष्टीने नोकरीचे ठिकाण एवढीच नव्हती.

त्याच सुमारास त्यांचे ‘रिचर्ड्सची कलामीमांसा’ हे पुस्तक प्रसिद्ध झाले. या निवडीकडे थोडे थांबून पाहिले पाहिजे. साठच्या दशकाच्या आरंभी मराठी समीक्षेवर मर्ढेकरांची छाया होती. ‘सौंदर्य आणि साहित्य’ हा त्यांचा ग्रंथ १९५५ मध्ये निघाला, १९५६ मध्ये मर्ढेकर गेले, आणि त्यानंतरची जवळजवळ दोन दशके मराठीतील गंभीर कलाचर्चा त्यांच्या लयतत्त्वाच्या समर्थनात किंवा खंडनात खर्ची पडली. संवाद, विरोध आणि समतोल या तत्त्वांनी घडलेली रचना म्हणजे सौंदर्य. कलेचा निकष कलेच्याच घटकांत शोधायचा. जीवनातील उपयुक्तता वा नीती यांचा तेथे संबंध नाही, अशी ती मांडणी. आय. ए. रिचर्ड्स नेमका याच्या उलट टोकाहून येतो. कलानुभव हा इतर अनुभवांपेक्षा जातीने वेगळा असतो ही कल्पनाच त्याला मान्य नाही. कविता वाचतानाचा अनुभव आणि रोजच्या जीवनातील अनुभव एकाच मानसिक द्रव्याचे बनलेले असतात. कवितेत त्यांची संघटना अधिक समृद्ध, अधिक संतुलित असते, इतकाच फरक. साहित्य आणि जीवन यांना जोडणारा, तरीही उपदेशवादात न उतरणारा विचार ज्याला हवा होता, अशा समीक्षकाला रिचर्ड्सची ओढ वाटणे स्वाभाविक होते. पण रिचर्ड्सचा स्वीकार करण्यातली अडचणही उघड आहे. प्रेरणांच्या संतुलनाचा पुरावा अखेर वाचकाच्या मनात शोधावा लागतो, आणि मग कलाकृती बाजूला राहून मानसशास्त्र तेवढे हाती लागते. कुरुंदकर रिचर्ड्सकडे अनुयायी म्हणून गेले नाहीत, परीक्षक म्हणून गेले. मराठी वाचकाला अपरिचित असलेला एक सिद्धान्त पायरीपायरीने उलगडून दाखवायचा आणि मग त्याच्या पायऱ्या कुठे निसटतात ते दाखवायचे, ही पद्धत येथे प्रथम दिसते आणि शेवटपर्यंत टिकते.

पुढील दशकभरात ‘रूपवेध’, ‘मागोवा’ (१९६७), ‘धार आणि काठ’ (१९७१), ‘पायवाट’ (१९७४) अशी पुस्तके आली. या लेखनातून त्यांची जी भूमिका दिसते, तिला कलावादी किंवा जीवनवादी यांपैकी कोणतीही चिठ्ठी चिकटवणे कठीण आहे. कलाकृतीचे मूल्य तिच्यातील विचारसरणीने सिद्ध होत नाही, हे ते समाजवादी असूनही ठामपणे मानतात. त्याच वेळी, रचनेचे सौंदर्य अर्थापासून सोडवून दाखवता येते हेही ते मान्य करीत नाहीत. भाषा हे ज्या कलेचे माध्यम आहे, तिच्यात माणसांचे परस्परसंबंध, श्रद्धा, संकेत माध्यमाबरोबरच आत येतात. ते बाहेर ठेवून उरलेल्या आकृतीला साहित्य म्हणणे त्यांना निरर्थक वाटते. ही भूमिका सर्वस्वी नवी नव्हती. शरच्चंद्र मुक्तिबोध मार्क्सवादाच्या बाजूने, दि. के. बेडेकर वेगळ्या तात्त्विक वाटेने या परिसरात वावरत होते. कुरुंदकरांचे वेगळेपण असे की, त्यांनी हा प्रश्न संस्कृत साहित्यशास्त्राच्या अंगणात नेला.

भरताच्या नाट्यशास्त्रावरचे त्यांचे चिंतन हे त्यांच्या समीक्षाकार्याचे सर्वांत भक्कम अंग मानावे लागेल. मराठीत रसचर्चा फार झाली होती. परंतु ती बहुधा मम्मट, विश्वनाथ, जगन्नाथ यांच्या द्वारे आणि अभिनवगुप्ताच्या प्रकाशात झाली होती, आणि तिचे लक्ष्य काव्य हे होते. रस म्हणजे ब्रह्मानंदाशी नाते सांगणारा रसिकाचा अलौकिक आनंद, हे समीकरण शालेय पुस्तकापर्यंत झिरपलेले होते. कुरुंदकरांचा आग्रह असा की, अभिनवगुप्ताचा भरत आणि नाट्यशास्त्रातला भरत यांत अनेक शतकांचे अंतर आहे आणि ते पुसून टाकता कामा नये. नाट्यशास्त्र हा रंगभूमीच्या व्यवहाराचा ग्रंथ आहे. त्यात नाट्यगृहाची मापे आहेत, अभिनयाचे प्रकार आहेत, नृत्य आणि वाद्ये आहेत, आणि या सगळ्यांच्या मध्ये सहाव्या अध्यायात रस येतो. नाना व्यंजने आणि औषधी यांच्या संयोगाने जशी पाकाला चव येते, तसा नाना भावांच्या संयोगाने रस सिद्ध होतो, ही भरताची उपमा स्वयंपाकघरातली आहे. ती मोक्षशास्त्रातली नाही. भरत आठ रस सांगतो आणि शान्त हा नववा रस पुढच्या परंपरेत स्थिरावतो, ही बाबही या दृष्टीने बोलकी ठरते. रस हा प्रयोगात सिद्ध होणारा, आस्वाद घेतला जाणारा पदार्थ आहे असे मानले, म्हणजे तो भावगीताला, कादंबरीला, नवकवितेला सरसकट लावण्याचा खटाटोप आपोआप निकालात निघतो. रसव्यवस्था टाकाऊ आहे असे कुरुंदकर म्हणत नाहीत. ती जेथली आहे तेथे ठेवा, एवढेच त्यांचे म्हणणे. या विवेचनात पूर्वसूरींशी त्यांनी केलेला वाद कधी कधी अकारण तिखट होतो, आणि ग्रंथातील स्तरांच्या कालनिश्चितीबद्दल त्यांनी दाखवलेला आत्मविश्वास पाठशुद्धीचे काम करणाऱ्याला खटकू शकेल. तरीही मराठीत नाट्यशास्त्राकडे इतिहासाच्या नजरेने पाहायला शिकवणाऱ्या अभ्यासकांत त्यांचे स्थान वरचे आहे.

महाभारतावरील त्यांच्या लेखनातही हीच नजर आहे. दुर्गा भागवतांचे ‘व्यासपर्व’ १९६२ मध्ये आणि इरावती कर्वे यांचे ‘युगान्त’ १९६७ मध्ये आले. मराठी वाचक त्या दशकात महाभारताकडे नव्याने वळला होता. कुरुंदकरांना या ग्रंथाकडे जाण्यासाठी भक्तीची गरज वाटली नाही आणि ऐतिहासिकतेचा हट्टही धरावासा वाटला नाही.

‘धार आणि काठ’ या पुस्तकात त्यांनी मराठी कादंबरीच्या वाटचालीचा आढावा घेतला आहे. कुसुमावती देशपांडे यांचा ‘मराठी कादंबरी : पहिले शतक’ हा दोन भागांतील ग्रंथ त्याआधी सतरा-अठरा वर्षे अभ्यासकांच्या हाती होता. दोहोंची तुलना केली तर कुरुंदकरांचे बल आणि मर्यादा दोन्ही कळतात. कुसुमावतींजवळ इंग्रजी कादंबरीच्या दीर्घ अध्यापनातून आलेली सूक्ष्म रुची आहे, प्रत्येक लेखकाला न्याय देण्याची शिस्त आहे. कुरुंदकरांजवळ प्रश्न आहे. कादंबरीकाराने आपल्या काळातील माणसाला किती खोलवर पाहिले, तेथेच तो कुठे कचरला, याचा ते मागोवा घेतात. त्यामुळे हरिभाऊंविषयी ते जितके समजुतीने लिहितात, तितके रंजनप्रधान कादंबरीविषयी लिहू शकत नाहीत. तेथे निर्णय आधी येतो आणि वाचन मागून. आढावा म्हणून पुस्तक असमतोल आहे. वर्गात वापरायला मात्र ते उत्तम, कारण त्यातील प्रत्येक विधानाशी विद्यार्थ्याला भांडता येते.

रणजित देसाई यांच्या ‘श्रीमान योगी’ला (१९६८) असलेली कुरुंदकरांची प्रस्तावना हा एक स्वतंत्र प्रकरणाचा विषय आहे. ती मुळात पत्र आहे. कादंबरीकाराने शिवचरित्राविषयी विचारले आणि या अभ्यासकाने दीर्घ पत्रातून उत्तर दिले; तेच पुढे कादंबरीच्या अग्रभागी छापले गेले. शिवाजी महाराजांचे मोठेपण अफझलखानाचा वध, लाल महालावरील छापा, आग्र्याहून सुटका या रोमहर्षक प्रसंगांत शोधू नये, असे त्यांचे प्रतिपादन. महाराज १६८० मध्ये गेले. त्यानंतर औरंगजेब स्वतः दक्षिणेत उतरला, १६८९ मध्ये संभाजी महाराजांची हत्या झाली, राजाराम जिंजीला गेले, १७०० मध्ये तेही वारले. तरी १७०७ मध्ये औरंगजेबाचा मृत्यू होईपर्यंत मराठ्यांचा प्रतिकार थांबला नाही. राजा नाही, राजधानी नाही, खजिना नाही आणि प्रजा लढते आहे. असे राज्य ज्याने निर्माण केले, त्याने प्रजेला नेमके काय दिले होते, हा कुरुंदकरांचा प्रश्न. जमीनव्यवस्था, वतनदारांवरचा अंकुश, आरमार, धर्मविषयक धोरण यांची संगती ते या एका प्रश्नाभोवती लावतात. साहित्यसमीक्षेच्या दृष्टीने महत्त्वाचे असे की, हे पत्र कादंबरीची प्रस्तावना म्हणून वाचणाऱ्याला त्या कादंबरीत नसलेली कादंबरी दिसू लागते. देसाईंचे शिवाजी महाराज भावनेच्या, कौटुंबिक ओलाव्याच्या आणि एकाकीपणाच्या रेषांनी उभे राहतात. कुरुंदकरांना हवा असलेला नायक हा व्यवस्था घडवणारा पुरुष आहे. ही दरी लपवण्याचा प्रयत्न लेखकाने केला नाही, प्रस्तावनाकारानेही केला नाही. मराठी ऐतिहासिक कादंबरीची सर्वांत कठोर चिकित्सा तिच्यातील सर्वांत लोकप्रिय कृतींपैकी एकीच्या पहिल्या पानांवर छापलेली असावी, हा योग दुर्मीळच म्हणायचा.

‘जागर’ (१९६९) आणि ‘शिवरात्र’ (१९७०) या दोन संग्रहांनी कुरुंदकरांना महाराष्ट्रभर वाचक मिळवून दिले आणि समीक्षक ही त्यांची ओळख मागे सारली. धर्मनिरपेक्षता, गांधीजी, हिंदुत्ववाद, मुस्लिम राजकारण, फाळणी हे त्यांचे विषय. फाळणीविषयी लिहिणारे बहुतेक मराठी लेखक पंजाब आणि बंगालकडे पाहून लिहितात. कुरुंदकर हैदराबादकडून पाहतात. तेथे सत्ता मुस्लिम संस्थानिकाची आणि प्रजा बहुसंख्येने हिंदू. रझाकारांचा जाच आणि नंतर कारवाईच्या वेळी सामान्य मुसलमानांनी भोगलेले, या दोन्हींचे भान त्या प्रदेशातील विचारी माणसाला ठेवावेच लागे. उर्दू त्यांना परकी नव्हती, मुसलमान शेजारी त्यांना पुस्तकातून कळले नव्हते. म्हणून त्यांचे लेखन कोणत्याही बाजूला संपूर्ण समाधान देत नाही. या ठिकाणी एका विषयांतराचा मोह होतो. कल्याणजवळच्या लष्करी छावण्यांत सिंधमधून आलेल्या निर्वासितांची वस्ती झाली आणि १९४९ मध्ये तिला उल्हासनगर हे नाव मिळाले. उल्हासनगर, अंबरनाथ, बदलापूर या पट्ट्यात मराठी घेऊन शिकणाऱ्या विद्यार्थ्याला फाळणी पाठ्यपुस्तकाच्या आधी शेजारच्या घरातून कळलेली असते. अशा वर्गात कुरुंदकरांचा फाळणीवरील एखादा लेख वाचला जातो, तेव्हा त्यातील युक्तिवाद दुसऱ्याच एका अनुभवावर घासला जातो. घर सोडून यावे लागलेल्याची फाळणी आणि घरातच राहून राज्य बदललेले पाहणाऱ्याची फाळणी एक नव्हे. लेखातील तर्काची ताकद आणि त्याचे स्थानिक मूळ, दोन्ही अशा वाचनात उघडी पडतात.

या वैचारिक लेखनाला समीक्षेपासून तोडता येत नाही, याचे कारण पद्धतीत आहे. प्रतिपक्षाची बाजू प्रथम इतक्या समर्थपणे मांडायची की, ती मानणाऱ्यालाही ती इतकी नीट कधी मांडता आली नसावी, आणि मग तिच्यातील एखादे गृहीतक अलगद काढून घ्यायचे. पूर्वपक्ष आणि उत्तरपक्ष ही आपल्याकडची जुनी शास्त्रीय रीत. कुरुंदकर ती रिचर्ड्ससाठी वापरतात, अभिनवगुप्तासाठी वापरतात आणि मनुस्मृतीसाठीही. ‘मनुस्मृती’ हे पुस्तक तर व्याख्यानांतूनच आकाराला आले. त्यांचे बहुतेक गद्य मुळात बोललेले आहे किंवा बोलण्याच्या ओघात लिहिलेले आहे. वाक्ये आखूड, युक्तिवाद सरळ, उदाहरण हाताशी, परिभाषा अगदी मोजकी. फळ्याकडे पाठ करून विद्यार्थ्यांच्या डोळ्यांत पाहत बोलणाऱ्या अध्यापकाचे हे गद्य आहे.

या गुणाची किंमतही त्यांना द्यावी लागली. ऐकणाऱ्याला संदर्भाचे पान लागत नाही. वाचणाऱ्या संशोधकाला लागते. कुरुंदकरांच्या लेखनात तळटिपा फारशा नाहीत, आधारग्रंथांचा नेमका निर्देश पुष्कळदा नाही. पाठांतराच्या बळावर केलेले विधान बहुधा बरोबर असते, पण पडताळण्याचा भार वाचकावर पडतो. पुनरुक्ती आहे. ठाम विधानाची आवड आहे, आणि ती कधी कधी अपवादांवरून बेफिकीरपणे पुढे जाते. याहून मोठी किंमत वेगळीच होती. सभा, शिबिरे, व्याख्यानमाला, गावोगावचे वाचनालयांचे समारंभ यांना नकार देणे त्यांना जमले नाही. मराठवाड्यातील नव्या कवीला, कथाकाराला प्रस्तावना हवी असे आणि ती ते लिहून देत. अनंत भालेराव यांच्या ‘मराठवाडा’ पत्रासाठी, मराठवाडा साहित्य परिषदेच्या ‘प्रतिष्ठान’साठी, विविध नियतकालिकांसाठी त्यांनी विपुल लिहिले. परिणामी भरतावरचे, कलामीमांसेवरचे सर्व विचार एका सूत्रात ओवणारा जो मोठा ग्रंथ त्यांच्याकडून अपेक्षित होता, तो झाला नाही. पाटणकरांनी ‘सौंदर्यमीमांसा’ (१९७४) लिहिली, तशी सलग तात्त्विक उभारणी कुरुंदकरांच्या नावावर नाही. तशी बैठक मारण्याची कुवत त्यांच्यात नव्हती असे म्हणण्याला आधार नाही. महाविद्यालये आणि ग्रंथालये नुकतीच उभी राहत असलेल्या, विद्यापीठ कालपरवा मिळालेल्या प्रदेशात जाणत्या माणसाला एका विषयावर दहा वर्षे बसू दिले जात नाही, हे त्याचे खरे कारण. लोक दारात येतात. आणि कुरुंदकर दार लावणारे नव्हते.

१९७७ मध्ये ते पीपल्स कॉलेजचे प्राचार्य झाले. इंटरला अडखळलेला विद्यार्थी त्याच विद्याव्यवहाराच्या एका घटकाचा प्रमुख झाला, यातली गंमत त्यांच्या परिचितांनी पुष्कळ रंगवून सांगितली आहे. परंतु प्राचार्यपद म्हणजे फायली, नेमणुका, अनुदाने आणि बैठका. लेखनाला लागणारा सलग वेळ त्याने आणखी घटवला. या वर्षांतही व्याख्यानांचे दौरे कमी झाले नाहीत.

१० फेब्रुवारी १९८२ रोजी तत्कालीन औरंगाबाद, म्हणजे आजचे छत्रपती संभाजीनगर येथे एका कार्यक्रमात व्यासपीठावर असतानाच त्यांना हृदयविकाराचा झटका आला आणि त्यातच त्यांचे निधन झाले. त्यांना पन्नासावे वर्ष चालू होते.

‘आकलन’ हा व्यक्तिचित्रणपर आणि चिंतनपर लेखांचा संग्रह त्याच वर्षी आला. त्यानंतर भाषणे, प्रस्तावना, पत्रे, नियतकालिकांतील लेख गोळा करून एकामागून एक पुस्तके निघाली : मनुस्मृतीवरचे, महाभारतावरचे ‘व्यासांचे शिल्प’, हैदराबादच्या प्रश्नावरचे, शिवाजी महाराजांवरचे, भरताच्या नाट्यशास्त्रावरचे. हयातीतील पुस्तकांपेक्षा मरणोत्तर पुस्तकांचा ढीग मोठा झाला. नांदेडला स्वतंत्र विद्यापीठ मिळाले ते १९९४ मध्ये, स्वामी रामानंद तीर्थांच्या नावाने. कुरुंदकरांना जाऊन तेव्हा बारा वर्षे झाली होती. या संकलनांनी त्यांचे विखुरलेले लेखन वाचवले, हे उपकार मोठेच. अभ्यासकाची मात्र त्यामुळे एक अडचण झाली आहे. पुस्तकांचा प्रकाशनक्रम हा लेखनाचा क्रम नव्हे. १९६० च्या आगेमागे रसविचाराबद्दल त्यांचे मत काय होते आणि १९८० मध्ये ते कितपत बदलले होते, लयतत्त्वाविषयीचा त्यांचा विरोध कोणत्या टप्प्यावर सौम्य वा तीव्र झाला, हे ठरवायचे तर संग्रहांवर विसंबून चालत नाही. ‘प्रतिष्ठान’चे जुने अंक, ‘मराठवाडा’चे दिवाळी अंक आणि त्या काळातील इतर नियतकालिके समोर ठेवून लेखांची तारीखवार जुळणी करावी लागते. नांदेडच्या शाळेतील आठ वर्षांत काय लिहिले गेले, तेथूनच ती सुरू करायला हवी.